चुकलेली सुरकुती

डोळे मिटा, दोन एलिसेओ.
अजून सहा वाजायचेत. बाहेर जनरेटर खोकतोय.
आज न्यायाधीश व्हायचंय तुम्हाला, दोनच वाक्यांचा;
तरी ती दोन वाक्यं तुम्ही
काल मध्यरात्रीपर्यंत हॉटेलच्या जिन्यात घोळवत होतात.
ऐकलं मी. भिंती पातळ आहेत तिथल्या.

एकोणसत्तर साली, ताबेर्नासच्या उजाड माळावर
मी एकोणीस वर्षांची, तुम्ही अडतीसचे,
आणि पटकथेत ऐंशीचे.
माझी पहिलीच नोकरी.
पातळ रबर, टिश्यू पेपर, तंबाखूच्या पाण्याचे डाग:
आजोबांचा चेहरा आठवत आठवत
मी तुमच्या गालांवर म्हातारपण चिकटवलं.
दुपारी ते घामानं सुटून कॉलरमध्ये उतरलं
आणि तुम्ही, ठरल्याप्रमाणे,
घोड्यावरून पडून मेलात.

त्या वर्षी अकरा वेळा मेलात.
कधी मेक्सिकन म्हणून, कधी नुसताच धुळीतला कुणी;
एकदा तर एकाच चित्रपटात दोनदा, मिशी बदलून.
मरणाचे पैसे रोख मिळत.
बोलण्याचे नाहीत,
कारण बोलणं तुमचं नव्हतंच.

माद्रिदच्या एका तळघरात
नीकासिओ बारेदा नावाचा जाड भिंगाचा गृहस्थ
तुमच्या ओठांत आपला आवाज ओतायचा.
काय आवाज! जुन्या पिंपातल्या दारूसारखा.
तुमचा म्हणे चिरका, गिरणीतला,
बेहारचा हेल काही केल्या जात नव्हता.
गावच्या थिएटरात तुम्ही पडद्यावर तोंड उघडलंत
तशी तुमची आई ताडकन उभी राहिली:
“थोबाड माझ्या पोराचं आहे.
आत कोण बसलंय?”

गिरणीचं तुम्ही एकदाच सांगितलंत, दाढी चिकटवताना.
मागांच्या खडखडाटात तिथं कुणी ओरडत नसे,
बोलायचं ते चेहऱ्यानं.
मुकादम येतोय. भाकरी आहे का. माझ्या बायकोला दिवस गेलेत.
सगळं ओठांवर, भुवयांवर, बिनआवाजाचं.
अकराव्या वर्षी तुम्ही ती शाळा धरलीत
आणि डावा कान देऊन तिची फी भरलीत.

मग हुकूमशाही गेली, कात्र्या गंजल्या,
माइक सेटवर आले,
आणि वयाच्या पन्नाशीत
तुम्ही पहिल्यांदा स्वतःच्या आवाजात एक शिवी दिलीत.
लोकांनी रागानं पत्रं पाठवली:
एवढ्या चांगल्या नटाला
हा कसला उसना आवाज दिलात?
ते पत्र तुम्ही पाकिटात ठेवून फिरत होतात,
बायकोच्या फोटोमागे.

नीकासिओंचं स्वरयंत्र काढलं, त्या हिवाळ्यात
मी तुमच्याबरोबर आले होते. आठवतं?
संत्री घेतली होती आपण, ती चालणार नव्हती त्यांना.
ते नुसते ओठ हलवत होते
आणि नर्स उगाचच मोठमोठ्यानं विचारत होती, काय, काय?
तुम्ही टोपी काढलीत, पलंगाजवळ बसलात,
त्यांच्या तोंडाकडे बघत बोलू लागलात,
तुमच्या त्याच चिरक्या आवाजात:
“खिडकी उघडा म्हणतायत.
सूप खारट आहे.
आणि हा उल्लू,
अजूनही वाक्याच्या शेवटी सूर खाली टाकतो.”
नीकासिओ हसले. हसण्यालाही आवाज नव्हता.
तोही तुम्हीच दिलात.

हं, उघडा आता डोळे.
एक कबूल करायचंय इतक्या वर्षांनी.
मी चुकले होते तेव्हा.
कपाळावर केवढ्या खोल रेघा ओढल्या होत्या मी,
आणि काळानं तिथं जवळजवळ काहीच केलं नाही.
खरी रेघ ही इथं, मानेवर, आडवी:
चांगला कान पुढे करायला
जन्मभर मान डावीकडे वळवून पडलेली.
ही मला सुचलीच नसती.
कुणालाच सुचली नसती.

हिच्यावर पावडर लावत नाही मी.
नाकावर थोडी, बस.
चला, बोलावतायत.
काय म्हणालात?
थांबा, त्या बाजूला येते.